पुन्हा: पुन्हा: मेची सहल – तारीख बदलतेय (उद्या रात्रीपर्यंत उत्तर हवं!)

प्रेषक: सहल समिती

मंडळी, नमस्कार.

काल गाईडचा फोन आला. आपण ज्या रविवारी हॉट वॉटर बीचला जायचं ठरवलंय, त्या दिवशी ओहोटी पहाटे सात आणि संध्याकाळी सव्वासातला आहे. आपण पोचणार साडेदहाला. म्हणजे आपण तिथे असताना भरती असेल आणि वाळूतले गरम झरे समुद्राखाली. "या दिवशी आलात तर समुद्र दाखवतो, गरम पाणी नाही," असं तो म्हणाला.

त्याच्या पुढच्या शनिवारी किंवा रविवारी गाईड आणि बस दोन्ही मिळतायत, पण उद्या रात्रीपर्यंत सांगायचंय. कृपया फक्त "शनिवार" किंवा "रविवार" एवढंच लिहा. मागच्या वेळी पाटीवरच्या शुद्धलेखनावर चाळीस मेल आले होते, तसं नको.

प्रेषक: हेंडरसनचे काका

तारीख ठरवताना ओहोटी कुणीच बघितली नाही? मी फेब्रुवारीच्या मीटिंगमध्ये हा प्रश्न विचारला होता. मिनिट्स काढून बघा.

प्रेषक: खजिनदार

मिनिट्स काढले. तुम्ही पार्किंगबद्दल विचारलं होतं.

बसचं डिपॉझिट गेलंय. तारीख एकदाच बदलून मिळेल, दुसऱ्यांदा बदलली तर बुडालं. तेव्हा या वेळी नीट बघून ठरवा.

प्रेषक: हॉविकची मावशी

मला एक कळलं नाही. गरम पाण्याचे झरे म्हणजे हौद बांधलेले असतील ना? त्यात भरती-ओहोटीचा काय संबंध? आम्ही लहानपणी वज्रेश्वरीला जायचो, तिथे कधी कुणी ओहोटीची वाट बघितली नाही.

प्रेषक: नाना

मावशी, हौद नाही. नुसती वाळू आहे. आपण फावड्यानं खड्डा खणायचा आणि त्यात बसायचं.

तिथे जमिनीत दोन भेगा आहेत. इथल्या कोरोमांडेल द्वीपकल्पाचे ज्वालामुखी कधीच विझले, पण खालचा खडक अजून तापलेला आहे. त्यातून वर येणारं पाणी 64 अंशांपर्यंत गरम असतं. त्या भेगा किनाऱ्यावर नेमक्या अशा पट्ट्यात आहेत की भरतीला समुद्र त्यांच्यावर असतो. ओहोटीच्या आधी दोन तास आणि नंतर दोन तास, एवढाच वेळ मिळतो. त्यानंतर लाट येते आणि तुमचा हौद, खड्डा, टॉवेल, सगळं घेऊन जाते.

आता तारखेचं. आमच्या रत्नागिरीकडे खारव्याला तक्ता लागत नाही. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, अमावास्येला सव्वाअकरा. मी हा हिशोब डोक्यात घेऊन इथे न्यूझीलंडला आलो आणि पहिल्याच वर्षी, भर भरतीला मासे गळाला लागतात म्हणून, बारा वाजता एका खाडीवर जाऊन उभा राहिलो. समोर पाणीच नाही! अर्धा मैल चिखल आणि त्यात मी, गळ घेऊन. बायको अजून तो फोटो दाखवते.

तेव्हा कळलं की प्रत्येक किनाऱ्याचं गणित वेगळं. चंद्र तोच, पण पाणी पोचायला लागणारा वेळ निराळा. इथल्या पूर्व किनाऱ्याला अमावास्या-पौर्णिमेला सातच्या सुमारास भरती असते, म्हणजे दुपारी एकच्या सुमारास ओहोटी. मग रोज पाऊण-पाऊण तास पुढे सरकत जाते आणि अष्टमीला सगळं उलटं होतं. भर दुपारी भरती. समितीनं नेमकी अष्टमी निवडली. याहून वाईट रविवार शोधून सापडला नसता.

माझं गणित अर्धा तास इकडेतिकडे होईल, शेवटी सरकारी तक्ताच बघा. पण तारीख अमावास्येच्या आजूबाजूला धरा.

रविवार.

प्रेषक: पापाकुराचे अण्णा

एवढं पंचांग बघण्यापेक्षा रोटोरुआला चला की. तिथे ना भरती ना ओहोटी, पाणी दिवसभर गरम. आणि जवळच वायोटापूला लेडी नॉक्स गीझर, म्हणजे जमिनीतल्या गरम पाण्याचा फवारा, रोज सकाळी सव्वादहाला उडतो, न चुकता.

प्रेषक: हेंडरसनचे काका

न चुकता उडतो कारण माणूस येऊन त्यात साबण टाकतो, अण्णा. त्याला निसर्ग म्हणायचं का, हा वेगळा विषय. मी ते बघितलं तेव्हा मला मोरी तुंबल्यासारखं वाटलं होतं.

प्रेषक: हॉविकची मावशी

रोटोरुआ नको गं बाई. मागे मंडळाबरोबर गेले होते, त्या वासानं दोन दिवस जेवण गेलं नाही. आणि माझी चांदीची जोडवी! सकाळी पांढरी शुभ्र, संध्याकाळी लोखंडाची वाटावीत इतकी काळी. सासूबाईंनी लग्नात घातलेली. मंगळसूत्राला काही झालं नाही. तेव्हापासून ती जोडवी डबीत पडून आहेत.

प्रेषक: खजिनदार

मावशी, काळी पडलेली चांदी निघते. गंधकाच्या वायूनं वरचा थर काळा होतो, चांदी आत तशीच असते. भांड्यात ॲल्युमिनियम फॉइल अंथरा, त्यावर जोडवी ठेवा, खायचा सोडा टाका, वरून उकळतं पाणी ओता. दहा मिनिटांत पांढरी. जोडवी फॉइलला टेकलेली हवीत, एवढं बघा. खडा असलेला दागिना मात्र त्यात टाकू नका.

बाकी मंडळी, शनिवार की रविवार?

प्रेषक: शाळेच्या ताई

शनिवार शक्य नाही. शनिवारी मराठी शाळा असते हे या यादीवर मला दर वर्षी का सांगावं लागतं? गणपतीची तालीम शनिवारी, पिकनिक शनिवारी, आता सहल शनिवारी. मे महिन्यात आमच्याकडे आधीच चार शनिवारांतला एक हॉल मिळत नाही म्हणून गेलाय. मुलांची बाराखडी "ढ"वर अडकलीय.

रविवार.

प्रेषक: माई

सर्वांना आशीर्वाद.

त्या रविवारी अमावास्या आहे. मी कॅलेंडर बघितलं. चाळीस माणसं, त्यात लहान मुलं, समुद्रावर घेऊन जायचं आणि तेही अमावास्येला? मला ते पटत नाही. तुम्ही जा, मी कुणाला अडवत नाही. पण माझं आणि आमच्या ह्यांचं नाव काढा.

प्रेषक: माउंट रॉस्किलहून

माई, असं कसं, तुमच्याशिवाय बसमध्ये गाणी कोण म्हणणार? आणि अमावास्या तर काय दर महिन्याला येते, त्या दिवशी आपण ऑफिसला जातोच की.

प्रेषक: हेंडरसनचे काका

ज्येष्ठांच्या श्रद्धेची चेष्टा या यादीवर नको.

प्रेषक: माउंट रॉस्किलहून

काका, मी चेष्टा केलेली नाही. माईंना मी काल भाजी नेऊन दिली, त्यांना विचारा.

प्रेषक: डॉक्टर वहिनी

तारीख कुठलीही ठरवा, पण हे आधी वाचा, कारण बसमध्ये कुणी ऐकत नाही.

भेगेवर थेट बसायचं नाही. 64 अंश म्हणजे चहाइतकं, काही सेकंदांत कातडी भाजते. बाहेरून बघून काही कळत नाही, वाळू वाळूसारखीच दिसते. आधी पायाच्या अंगठ्यानं चाचपायचं, भेगेपासून थोडं लांब खणायचं आणि समुद्राकडून एक चर काढून गार पाणी आत घ्यायचं. मुलांना खड्ड्यात उतरवण्याआधी मोठ्या माणसानं हात घालून बघायचं.

रक्तदाबाची गोळी घेणाऱ्यांनी आणि गरोदर असलेल्यांनी गरम पाण्यात रेंगाळू नये. बाकीच्यांनीही पंधरा मिनिटं बसून बाहेर यावं, पाणी प्यावं आणि उठताना सावकाश उठावं. मागे एकदा एक गृहस्थ झटकन उभे राहिले आणि थेट शेजारच्या जर्मन कुटुंबाच्या खड्ड्यात गेले. लागलं नाही, पण ते कुटुंब उठून गेलं.

आणखी एक. रोटोरुआकडच्या ओढ्यांत-कुंडांत डोकं बुडवायचं नाही, नाकात पाणी जाऊ द्यायचं नाही. त्या कोमट गोड्या पाण्यात एक अमीबा असतो, तो नाकावाटे मेंदूत जातो. क्वचित होतं, पण झालं तर माणूस वाचणं कठीण. अण्णा, तुम्ही केरोसीन क्रीकला बुड्या मारल्याचं सांगत होतात, पुन्हा करू नका.

समोरच्या खडकांपाशी पोहायला जायचं नाही. तिथला प्रवाह माणसाला आत ओढतो आणि मे महिन्यात किनाऱ्यावर जीवरक्षक नसतो.

प्रेषक: पापाकुराचे अण्णा

बुड्या 1998 मध्ये मारल्या होत्या. अजून आहे.

प्रेषक: सहल समिती

आतापर्यंत: रविवार 2, शनिवार 0, रोटोरुआ 1, नावं कमी 2. छत्तीस घरांनी उत्तरच दिलेलं नाही.

प्रेषक: नाना

माईंना माझा नमस्कार. माई, तुम्ही समुद्राची भीती घेताय ती खोटी नाही. अमावास्येला उधाण असतं हे खरंच. पण उधाणाला भरती जशी जास्त चढते, तशीच ओहोटी जास्त खोल जाते. झरे जास्त वेळ उघडे राहतात, जागा जास्त मिळते. उन्हाळ्यात तिथे माणसाला माणूस चिकटून बसलेला असतो, पाय पसरला की दुसऱ्याच्या खड्ड्यात. आपल्याला निदान हातपाय हलवता येतील.

शिवाय ते पाणी आपल्या उन्हवऱ्याच्या कुंडासारखंच, फक्त कुंड नाही. तुमचे गुडघे दुखतात ना?

प्रेषक: हॉविकची मावशी

फॉइलवर ठेवली. अंड्यासारखा वास येतोय. हे बरोबर आहे का?

प्रेषक: खजिनदार

बरोबर आहे. रोटोरुआ बाहेर पडतंय.

मी मघापासून माईंच्या कॅलेंडरचा विचार करतोय. माई, ते कॅलेंडर भारतातलं ना? त्यात अमावास्या कधी लागते ते बघून सांगाल का? दिवस नको, वेळ सांगा.

प्रेषक: माई

रविवारी सकाळी 11 वाजता प्रारंभ असं लिहिलंय.

प्रेषक: खजिनदार

मग ऐका. तिथी सगळ्या जगात एकाच क्षणी बदलते, घड्याळं तेवढी वेगळी. मे महिन्यात आपण भारताच्या साडेसहा तास पुढे. तिथले सकाळचे अकरा म्हणजे आपले संध्याकाळचे साडेपाच. दुपारी आपण खड्ड्यात बसू तेव्हा चतुर्दशीच असेल.

तक्ताही बघितला, त्या दिवशी ओहोटी पाऊणला आहे. नाना, तुमचं गणित पंधरा मिनिटांनी चुकलं. पाऊण ते पावणेतीन चांगला वेळ, आधीचे दोन तास तर आहेतच. साडेतीनला निघायचं. तासाभरात वाटेवरचं कोपू गाव, म्हणजे साडेपाचला आपण ऑकलंडजवळच्या बॉम्बे हिल्सवर असू. अमावास्या लागेल तेव्हा आपण बॉम्बेत.

प्रेषक: नाना

चुकलं नाही. मी "एकच्या सुमारास" लिहिलं होतं.

प्रेषक: हेंडरसनचे काका

तासाभरात कोपू? 25ए रस्त्यानं गेलात तर. 2023 मध्ये दरड कोसळून तो रस्ता जवळजवळ वर्षभर बंद होता, हे विसरलात. तेव्हा आपण वळसा घालून गेलो आणि वळणांवर अर्ध्या बसला उलट्या झाल्या.

प्रेषक: सहल समिती

काका, तो त्याच वर्षी डिसेंबरमध्ये नवा पूल बांधून उघडला. आपण त्यावरून गणपतीनंतर गेलो होतो. तुम्ही झोपला होतात.

प्रेषक: माई

खजिनदार, तू लहान असल्यापासून तुला ओळखते, हिशोब करून माणसाला गप्प करायची सवय तुझ्या आजोबांची. बरं. साडेपाचच्या आत कोपूच्या पुढे असलो तर माझी हरकत नाही. पण ड्रायव्हरला सांगून ठेवा, उशीर नको. आणि मी पाण्यात बसणार नाही, पाय सोडीन फक्त.

आमची दोन नावं परत घाला.

प्रेषक: सहल समिती

घातली. रविवार पक्का. गाईडला आणि बसला आत्ताच कळवते. सकाळी सात वाजता हॉलपाशी, सव्वासातला बस सुटेल. गाईड दहा फावडी आणणार आहे, ज्यांच्याकडे बागेचं फावडं आहे त्यांनी आणा, वर नाव लिहून. मागच्या वेळची तीन अजून माझ्या गॅरेजमध्ये आहेत.

विषय संपला. या मेलला उत्तर देऊ नका.

प्रेषक: पापाकुराचे अण्णा

त्यातलं लाल दांड्याचं माझं.

प्रेषक: शाळेच्या ताई

लाल दांड्याचं शाळेचं आहे.

प्रेषक: हॉविकची मावशी

खजिनदार, एक जोडवं पांढरं झालं, दुसरं अजून करडंच. फॉइलची चकचकीत बाजू वर हवी की खाली?