मदत हवी आहे: निद्रानाशासाठी मेडिकल कॅनबिस – ब्रिटनमधल्या क्लिनिकशी काय आणि कसं बोलावं?

लेस्टरकरीण

नमस्कार मंडळी. नवऱ्यासाठी विचारते आहे. वय ४६, तीन वर्षांचा निद्रानाश. डोळा लागायला पाऊण तास जातो, पण खरा त्रास पुढे आहे. रात्री दोन-अडीचला जाग येते आणि पहाटेपर्यंत नुसती तळमळ. आठवड्यातल्या पाच रात्री तरी हेच.

झोपेची गोळी झोपिक्लोन ७.५ मिलिग्रॅम दोनदा देऊन झाली, दर वेळी दोन आठवडे. ऑनलाइन सीबीटी-आय (निद्रानाशावरची, झोपेच्या सवयी आणि विचार बदलणारी थेरपी) अर्धवट सोडलं. रक्तदाबासाठी अम्लोडिपिन ५ चालू आहे. कामाला रोज स्वतः गाडी चालवत जातो.

आता खाजगी कॅनबिस क्लिनिकशी (गांजापासूनची औषधं लिहून देणाऱ्या) बोलायचं ठरतंय. प्रश्न असे:
१. जीपीची (फॅमिली डॉक्टरची) चिठ्ठी लागते का? एनएचएसमधून (सरकारी आरोग्यसेवेतून) मिळणार नाही हे नक्की का?
२. तेल घ्यावं की फूल? किती?
३. गाडीचं काय?
४. दिवाळीला नाशिकला जायचं आहे, बाटली बरोबर नेता येईल का?

"गांजा तो गांजाच" किंवा "अश्वगंधा देऊन बघा" एवढंच लिहायचं असेल तर कृपया दुसरा धागा गाठा.

काउंटरपलीकडून

पहिल्या प्रश्नाबद्दल. १ नोव्हेंबर २०१८ पासून ब्रिटनमध्ये कॅनबिसची औषधं डॉक्टर लिहून देऊ शकतात, पण सुरुवात फक्त जीएमसीच्या (डॉक्टरांची नोंदणी करणारी संस्था) स्पेशालिस्ट रजिस्टरवरचा डॉक्टर करू शकतो. जीपीला ती मुभा नाही. एनएचएसमध्ये ही औषधं मोजक्या कारणांसाठी मिळतात: काही दुर्मीळ प्रकारच्या फिट्स, मल्टिपल स्क्लेरोसिसमधला स्नायूंचा ताठरपणा, केमोथेरपीतल्या उलट्या. निद्रानाश त्यात नाही. म्हणजे खाजगीच.

जीपीची चिठ्ठी सक्तीची नसते, थेट नाव नोंदवता येतं. मात्र क्लिनिक जीपीकडचा वैद्यकीय सारांश मागतं आणि गाडी बहुतेक तिथेच अडते. अट साधारण अशी असते की निदान नोंदलेलं हवं आणि किमान दोन रुळलेले उपचार करून उपयोग झाला नाही हे कागदावर दिसायला हवं. बऱ्याच जणांच्या नोंदीत "झोपेची तक्रार" असा एखादा शब्द असतो आणि पुढे काहीच नाही. तुमच्या बाबतीत झोपिक्लोन नोंदीत असेल. ऑनलाइन सीबीटी-आय स्वतःच सुरू केलं असेल तर जीपीला त्याचा पत्ताच नसणार. आधी जीपीची वेळ घ्या, "तीन महिन्यांहून जास्त, आठवड्यात तीनपेक्षा जास्त रात्री, दिवसाच्या कामावर परिणाम" हे तिन्ही मुद्दे नोंदवून घ्या आणि मगच सारांश मागवा. नोंदींची प्रत मागितली तर साधारण महिन्याभरात द्यावी लागते, तीही विनाशुल्क.

पुढचा क्रम: प्रश्नावली, कागद, स्पेशालिस्टबरोबर व्हिडिओ भेट. बऱ्याच ठिकाणी त्यानंतर प्रकरण डॉक्टरांच्या गटापुढे जातं. मंजूर झालं तर गुलाबी रंगाचं प्रिस्क्रिप्शन थेट फार्मसीला जातं आणि औषध कुरियरने येतं. हे शेड्यूल २ चं नियंत्रित औषध आहे, त्यामुळे प्रिस्क्रिप्शन २८ दिवसच चालतं, त्यावर "रिपीट" लिहिता येत नाही आणि पुरवठा साधारण ३० दिवसांचा. दर महिन्याला नवं प्रिस्क्रिप्शन, आणि अनेक ठिकाणी त्याचं वेगळं शुल्क. पहिल्या भेटीची फी जाहिरातीत ठळक असते, हे नसतं. फोनवर एकच विचारा: पहिल्या सहा महिन्यांचा सगळा खर्च मिळून किती?

क्लिनिक सीक्यूसीच्या (दवाखान्यांवर देखरेख करणारी संस्था) यादीत आणि फार्मसी जीपीएचसीच्या (फार्मसींची नियामक संस्था) यादीत आहे का हे स्वतः तपासा. दोन्ही याद्या ऑनलाइन आहेत, पाच मिनिटांचं काम.

निशाचर

तेल-फूल नंतर. आधी हे सांगा: ते घोरतात का? झोपेत श्वास अडकल्यासारखा होतो का? सकाळी डोकं दुखतं का? शर्टाच्या कॉलरचं माप काय?

लेस्टरकरीण

घोरणं आहे, चांगलंच. उताणे झोपले की मधेच शांत होतात आणि मग एकदम मोठा श्वास. डोकंही बऱ्याचदा जड असतं. कॉलर १७ इंच. पण याचा इथे काय संबंध?

निशाचर

फार जवळचा संबंध आहे. पुरुष, रक्तदाब, घोरणं, मधेच थांबणारा श्वास, जाडसर मान. स्टॉप-बँग नावाची आठ प्रश्नांची चाचणी आहे, तिच्यात एवढ्यावरच पाच गुण होतात. याचा अर्थ स्लीप ॲप्नियाची, म्हणजे झोपेत श्वास पुन्हापुन्हा अडण्याच्या आजाराची, शक्यता चांगलीच आहे. रात्री दोनला जाग येणं हा "झोप न येण्याचा" आजार असेलच असं नाही. श्वास अडला की मेंदू माणसाला उठवतो. पहाटेच्या बाजूला रेम (स्वप्नांची) झोप वाढते, त्या झोपेत घशाचे स्नायू अधिक सैल पडतात आणि अडथळे वाढतात. दोन्ही आजार एकत्र असणंही सर्रास दिसतं.

अमेरिकन ॲकॅडमी ऑफ स्लीप मेडिसिनने २०१८ मध्येच स्पष्ट सांगितलं की स्लीप ॲप्नियावर मेडिकल कॅनबिस वापरू नये. आणि निदान न झालेल्या ॲप्नियावर गुंगी आणणारं काहीही टाकणं म्हणजे धुराचा अलार्म काढून ठेवण्यासारखं आहे. झोपिक्लोनबद्दलही जीपीशी हेच बोला.

जीपीकडून घरी करायची झोपेची तपासणी मागा. बोटाला, नाकाला आणि छातीला सेन्सर लावून एक रात्र झोपायचं. तासाला श्वासाचे अडथळे ५ ते १४ असले तर सौम्य, १५ ते २९ मध्यम, ३० आणि वर तीव्र. मध्यम किंवा तीव्र निघालं आणि दिवसाही झापड येत असेल तर डीव्हीएलएला (वाहन परवाना देणाऱ्या खात्याला) कळवणं बंधनकारक आहे. त्यावर उपाय सीपॅप मशीन (मास्कमधून हवेचा दाब देऊन घसा उघडा ठेवणारं), आणि ते एनएचएसकडून मिळतं.

पाय वळवळणे, रात्री पाय हलवल्याशिवाय चैन न पडणे असं काही असेल तर रक्तातलं फेरिटिनही (लोहाच्या साठ्याचं माप) बघून घ्या. ७५ च्या खाली असेल तर आधी लोहाचा विचार करतात.

काउंटरपलीकडून

निशाचर यांना +१. जे क्लिनिक पहिल्या भेटीत घोरण्याबद्दल विचारत नाही, ते मी यादीतून काढून टाकेन.

झोपेचं_खोबरं

समजा ॲप्निया नाही निघाला, किंवा सीपॅप नीट लागूनही दोनची जाग कायम राहिली. मग क्लिनिकपुढे काय मांडायचं ते लिहितो.

दोन आठवड्यांची झोपेची डायरी न्या. अंथरुणात किती वाजता, दिवा कधी बंद, अंदाजे झोप कधी लागली, मधली जाग एकूण किती मिनिटं, शेवटी कधी उठले. घड्याळाकडे सारखं बघायचं नाही, सकाळी अंदाजाने भरायचं. मग हिशोब: अंथरुणात साडेआठ तास म्हणजे ५१० मिनिटं, प्रत्यक्ष झोप पाच तास वीस मिनिटं म्हणजे ३२०. झोपेची कार्यक्षमता ६३ टक्के. हा आकडा आणि इन्सोम्निया सिव्हेरिटी इंडेक्सचे गुण (सात प्रश्न, २८ पैकी, १५ ते २१ मध्यम, २२ आणि वर तीव्र) एका कागदावर असले की वीस मिनिटांची भेट कामाची होते.

तेल की फूल: फुलाची वाफ काही मिनिटांत चढते आणि दोन ते चार तासांत उतरते. म्हणजे ती डोळा न लागणाऱ्यांसाठी. तुमची अडचण मध्यरात्रीची आहे. तेल पोटातून जातं, परिणाम सुरू व्हायला अर्धा ते दोन तास, जोर दोन ते चार तासांनी, एकूण सहा-आठ तास. त्यामुळे क्लिनिकने थेट फूल सुचवलं तर "का?" असं विचाराच. शिवाय फूल पेटवून ओढणं प्रिस्क्रिप्शन असलं तरी बेकायदा आहे, फक्त व्हेपोरायझर चालतो, साधारण १८० ते २१० अंशांवर.

मात्रा डॉक्टर ठरवणार, पण आकडे वाचता आले पाहिजेत. तेलाच्या बाटलीवर "टीएचसी (गांजातला गुंगी आणणारा घटक) २० मिग्रॅ/मिली" असेल तर ०.१ मिली म्हणजे २ मिलिग्रॅम. फुलावर "२० टक्के" म्हणजे ग्रॅमला २०० मिलिग्रॅम. हे दोन "वीस" एक समजून घोळ होतात. झोपेसाठी सुरुवात बहुधा १ ते २.५ मिलिग्रॅम टीएचसीने होते, किमान तीन रात्री तीच मात्रा, मग ०.०५ ते ०.१ मिलीने वाढ. १ मिलीची तोंडावाटे द्यायची सिरिंजच वापरा, थेंब मोजू नका. थेंबाचा आकार तेलाच्या घट्टपणावर बदलतो.

हमखास होणारी चूक: दहाला तेल घेतलं, पावणेअकरापर्यंत काही वाटलं नाही, म्हणून पुन्हा तेवढंच. मग साडेबाराला दोन्ही मात्रा एकदम चढतात. छाती धडधडते, घाबरं होतं, उठून उभं राहिलं की चक्कर, आणि सकाळी दहापर्यंत डोकं जड. अम्लोडिपिन चालू असताना ही चक्कर हलक्यात घेऊ नका, रात्री बाथरूमला उठताना आधी मिनिटभर कडेला बसायचं. त्या रात्री दुसरी मात्रा नाही म्हणजे नाही. जेवणातल्या स्निग्धतेने तेल जास्त शोषलं जातं, तेव्हा एक दिवस उपाशीपोटी आणि एक दिवस पुरणपोळी-तुपावर घेतलं तर मात्रा तीच असून परिणाम वेगळा. जेवणानंतरची एक वेळ ठरवा आणि ती मोडू नका.

निशाचर

पुराव्याबद्दलही स्पष्ट बोलू या, कारण क्लिनिकच्या वेबसाइटवर तो फुगवलेला असतो. ऑस्ट्रेलियात २४ जणांवर झालेल्या दोन आठवड्यांच्या चाचणीत टीएचसीप्रधान तेलाने निद्रानाशाचे गुण खोट्या औषधापेक्षा साधारण पाचने जास्त उतरले. तिकडेच २० जणांवर १० मिग्रॅ टीएचसी आणि २०० मिग्रॅ सीबीडीचा (गांजातला नशा न आणणारा घटक) एकच डोस देऊन झोप मोजली, तर एकूण झोप साधारण २५ मिनिटांनी कमी झाली आणि रेम त्याहून जास्त घटली. दोन्ही लहान चाचण्या आहेत. म्हणून क्लिनिकने तुम्ही उपचाराला "सुटेबल" आहात असं म्हटलं तर तेवढ्यानेच खूश होऊ नका. दुकानातलं सीबीडी तेल तर विसराच: ब्रिटनच्या फूड स्टँडर्ड्स एजन्सीचा २०२३ चा सल्ला दिवसाला १० मिलिग्रॅमच्या आत राहण्याचा आहे, एवढ्यात झोपेवर काही होईल असं मानायला आधार नाही.

सीबीटी-आय अर्धवट सोडलं ते मला खटकतं. आजही निद्रानाशावर पहिला उपचार तोच, आणि बहुतेक जण झोपेचे तास आवळण्याच्या टप्प्यावर, म्हणजे दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात सोडतात. कारण तेव्हा दिवसा जास्त थकवा येतो. गुण तिथूनच यायला लागतो. ते पूर्ण करूनही जमलं नाही तर डॅरिडोरेक्सँट नावाची गोळी ऑक्टोबर २०२३ पासून नाइसने (एनएचएससाठी उपचार सुचवणारी संस्था) मान्य केली आहे आणि ती एनएचएसवर मिळते. कॅनबिस क्लिनिक हे आपणहून सांगेल अशी आशा नको.

क्लिनिकला विचारायचा सगळ्यात मोलाचा प्रश्न माझ्या मते हा: "हे बंद कधी आणि कसं करायचं?" चार आठवड्यांनी आणि बारा आठवड्यांनी इन्सोम्निया इंडेक्सचे तेच सात प्रश्न पुन्हा भरा. सहा गुणांचाही फरक नसेल तर थांबायचं, हे सुरू करण्याआधीच लिहून घ्या. नाहीतर सवय होते, मात्रा वाढत जाते, आणि एकदम बंद केलं की पहिल्या आठवड्यात झोप पार उडते, विचित्र स्वप्नं पडतात, चिडचिड होते. लोक त्याला "मूळ आजार परतला" समजून पुन्हा सुरू करतात.

घरात कोणाला सायकोसिस किंवा बायपोलर झालं असेल तर ते लपवू नका. हृदयाचे ठोके अनियमित असतील तर तेही. रक्त पातळ करणारं वॉरफरिन किंवा फिट्सचं क्लोबाझॅम असेल तर सीबीडीने त्यांची रक्तातली पातळी वाढते.

काउंटरपलीकडून

गाडीबद्दल. रक्तात लिटरला २ मायक्रोग्रॅम टीएचसी ही मर्यादा आहे आणि रोज घेणाऱ्यांची पातळी दुसऱ्या दिवशीही वर असू शकते. प्रिस्क्रिप्शनचा कायदेशीर बचाव आहे, पण दोन अटींवर: डॉक्टरांनी सांगितल्याप्रमाणेच घेतलं आहे आणि गाडी चालवण्याची क्षमता कमी झालेली नाही. दुसरी अट मोडली तर कागद कामाला येत नाही. औषध मूळ लेबलच्या बाटलीत ठेवा, प्रिस्क्रिप्शनची प्रत गाडीत असू द्या. मात्रा सुरू करताना आणि प्रत्येक वाढीनंतर काही दिवस गाडी नको, तेव्हा सुरुवात सुट्टीच्या आठवड्यात ठरवा. विम्याच्या कंपनीला लेखी कळवा. कामावर फोर्कलिफ्टसारखं काही चालवत असतील किंवा अचानक लघवीची चाचणी होत असेल तर एचआरला आधी सांगावं लागेल.

कोथरूडकर

धाग्याला थोडं वळण देतो, माफ करा. आईला पुण्यात आयुर्वेदिक "विजया" तेल सुचवलंय. हेच ना?

झोपेचं_खोबरं

वनस्पती तीच, कायदा आणि तोलमाप वेगळं. भारताच्या एनडीपीएस (अमली पदार्थ) कायद्यात १९८५ पासून गांजा म्हणजे फुलोरा. नुसती पानं त्या व्याख्येबाहेर आहेत. पानांपासूनची विजयाची औषधं आयुर्वेदिक परवान्यावर बनतात आणि वैद्याच्या चिठ्ठीनेच घ्यायची असतात. लेबलवर टीएचसी मिलिग्रॅममध्ये दिलेलं नसेल तर मात्रा ठरवणार कशी, हे वैद्यांना विचारा. वयस्कर माणसाला रात्री पडण्याचा धोका मोठा, बाकीच्या गोळ्यांची यादी नक्की दाखवा. अधिक चर्चेसाठी वेगळा धागा काढलात तर बरं.

लेस्टरकरीण

सगळ्यांचे मनापासून आभार. जीपीची वेळ घेते, झोपेची तपासणी आधी. डायरी आजपासून. नाशिकचं तेवढं राहिलं.

काउंटरपलीकडून

नेऊ नका. ब्रिटनचं प्रिस्क्रिप्शन भारतात चालत नाही, टीएचसीचं तेल एनडीपीएसखाली येतं आणि "थोडंसंच होतं" हा बचाव नाही: कमी प्रमाणालाही एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते. दुबई किंवा दोहामार्गे तिकीट असेल तर नुसत्या ट्रान्झिटमध्येही धोका आहे. तोवर उपचार सुरू झालेला असेल तर निघण्याआधी दोन-तीन आठवड्यांत मात्रा हळूहळू उतरवायचं वेळापत्रक क्लिनिककडून लेखी घ्या. आणि सीपॅप लागलंच तर ते मात्र खुशाल न्या. केबिन बॅगेत ठेवा, डॉक्टरांचं पत्र जोडा, भारतातल्या सॉकेटसाठी ॲडॉप्टर घ्या. बऱ्याच एअरलाइन्स वैद्यकीय उपकरण सामानाच्या वजनात धरत नाहीत, तिकीट काढतानाच विचारून ठेवा.