काळ म्हणजे सुरांतली कसर? माझ्या कादंबरीतला सिद्धांत, फोडून काढा

खुंटीपिळ्या (धागाकर्ता)
दोन वर्षं एक अद्भुतकादंबरी तिसऱ्या प्रकरणावर अडून बसलीय, कारण त्या जगातल्या काळाचं गणित मलाच पुरतं पटलेलं नाही.

जगाचं नाव घुमारा. सूर्य नाही, घड्याळ नाही. डोंगराच्या पोटात दोन प्रचंड तारा कायम वाजत असतात. तंबोरा लावणाऱ्यांना माहीत असेल, जोडीच्या तारा जवळजवळ जुळल्या की आवाज डुलायला लागतो. मणी केसभर सरकवला की डोल मंदावतो, आणखी केसभर, की थांबतो. एक तार सेकंदाला २४० कंपनं घेतेय आणि दुसरी २४१, तर सेकंदाला बरोबर एक डोल. शाळेच्या पुस्तकात याला विस्पंद म्हणायचे. घुमाऱ्यात एक डोल म्हणजे एक क्षण. तारा पूर्ण जुळल्या तर काळ थांबेल, म्हणून तिथले पुजारी रोज तारा लावतात, पण मुद्दाम थोडी कसर ठेवून.

चक्रमगणिती
'सेकंदाला २४०' म्हणालास तिथेच चोरी पकडली. कंपनं मोजायला आधी काळ लागतो, मग त्यातूनच काळ कसा काढणार? दही लावायला विरजण हवं आणि विरजण म्हणजे दहीच. पहिलं विरजण कुठून आणलंस?

आणि सूर्य नाही तर 'रोज' कुठून आलं?

खुंटीपिळ्या
'रोज' काढतो. सेकंद तुम्हाला कळावं म्हणून लिहिले, तिथल्यांना फक्त २४०:२४१ हे गुणोत्तर ठाऊक. षड्ज-पंचमाचं (सा आणि प) २:३ असतं तसंच. गुणोत्तराला एकक लागत नाही.

चक्रमगणिती
गुणोत्तर कशाचं? 'तेवढ्याच वेळात' किती कंपनं, याचं. 'तेवढ्याच वेळात' हे शब्द तू गिळलेस. हवं तर लांबीचं घे. तार दोन-तृतीयांश केली की पंचम येतो आणि लांबी मोजायला काळ लागत नाही. पण मग हातात भूमिती उरते. डोल गेला.

समेवर_भेटू
मला वेगळंच खटकतंय. मराठीत लिहितोयस ना? मग काळासाठी स्वरमेळ (हार्मनी) कशाला, ताल आहे की घरात. सोळा मात्रांचा तीनताल फिरून समेवर, म्हणजे पहिल्या मात्रेवर येतो, ऐकणारे मान हलवतात, तो काळ. रूपक तालात तर समेवरच खाली (टाळी न देण्याची जागा) असते. याच्यावर अख्खं जग उभं राहील. तारांचा डोंगर म्हणजे चर्चमधल्या ऑर्गनला लुगडं नेसवल्यासारखं वाटतं.

निशाचर
आवर्तनं म्हणजे पुन्हा युगचक्र. दर दुसऱ्या अद्भुतकथेत तेच असतं, कृपया नको. आणि तंबोरा ऑर्गन कधीपासून झाला? तंबोरे घडवणाऱ्या मिरजेत जाऊन सांगा हे.

ते उलटं करून बघा की. संगीतशास्त्री भातखंड्यांच्या समयसिद्धांतात प्रहर बघून राग ठरतो, सूर्यास्ताला मारवा वगैरे. घुमाऱ्यात राग गायला की प्रहर येऊ दे. कुणीतरी मारवा आळवला आणि बाजारात भरदुपारी अंधार. (कर्नाटक संगीतवाले वेळेचं बंधन इतकं कडक पाळत नाहीत, त्यांच्या देशात कायम गोंधळ!)

अनारसे३३
पुजाऱ्यांनी मुद्दाम कसर ठेवायची गरजच नाही, ती आकड्यांतच आहे. पंचम म्हणजे दीडपट (३/२), सप्तक म्हणजे दुप्पट. षड्जापासून शुद्ध पंचम घ्या, त्याचा पंचम, पुन्हा त्याचा, असं बारा वेळा. सात सप्तकं चढून षड्जावरच यायला हवं, म्हणजे १२८ पट. येतं १२९.७५च्या आसपास. कारण पोरखेळाइतकं सोपं आहे. ३ ला ३ ने कितीदाही गुणा, विषमच राहणार. २ ला २ ने गुणा, समच. दोघांची गाठ जन्मात पडत नाही.

पंचांगात हेच होतं. बारा चांद्रमहिन्यांचे ३५४ दिवस, सौरवर्ष ३६५चं. दरवर्षी उरणारे अकरा दिवस साठत जातात आणि ३२-३३ महिन्यांनी धोंड्याचा महिना घालून हिशेब जुळवावा लागतो. आमच्याकडे सासूबाई त्यात जावयाला तेहतीस अनारसे देतात. माझा नवरा चौथ्यालाच हात जोडतो.

घुमाऱ्यातही कसर साठू दे. ती पुरेशी साठली की एक प्रहर उरतो, कुठल्याच सुराचा नसलेला. त्या प्रहरात कुणी जन्मलं तर?

समेवर_भेटू
हे आवडलं, नाइलाजाने. पण त्या प्रहरात ठेका कोण धरणार?

चक्रमगणिती
अनारसेबाईंचा मुद्दा माझ्यापेक्षा पुढे गेला हे कबूल. सम-विषमाला घड्याळ लागत नाही. पण कसर *असणं* वेगळं आणि कसर *साठणं* वेगळं. बारा पंचमांतली तफावत आहे तिथेच आहे, ती वाढत नाही. चढणारा कुणीतरी एकामागून एक पंचम घेत जातो तेव्हा ती साठते. 'एकामागून एक' म्हणजे पुन्हा काळच. विरजण अजून माझ्याकडेच आहे.

खुंटीपिळ्या
मग चढणाराच हवा. डोंगरातल्या तारा रद्द. एक म्हातारी पायऱ्या चढतेय, पायरीगणिक तिच्या हातातल्या एकतारीची खुंटी पिळत. बाराव्या पायरीवर खाली होतं तसंच गाव आहे, फक्त दारं बोटभर सरकलेली. ती आपल्या घराची कडी शोधतेय आणि हात भिंतीवर पडतोय.

चक्रमगणिती
पायऱ्या चढायला वेळ लागतो, हे मी बोलत नाही. प्रकरण टाक.