मोडी रुमालांच्या शोधसूच्यांना एकच नमुना असावा का?

मूळ मत

पुण्याचे पेशवे दफ्तर, भारत इतिहास संशोधक मंडळाचा संग्रह आणि जुन्या संस्थानांची दफ्तरे या सर्वांच्या संगणकीय शोधसूच्या एकाच नमुन्यात व्हाव्यात, असे माझे ठाम मत आहे. एका संग्रहात मी असा रुमाल, म्हणजे कापडात बांधलेला कागदांचा गठ्ठा, उघडला, ज्याच्यासमोर सूचीत 'किरकोळ' एवढाच शब्द होता. आत मात्र एकाच घराण्याच्या इनामाचे सलग कागद निघाले. ते तिथे आहेत हे फक्त एका वयस्कर कारकुनांना ठाऊक होते, आणि ते आता निवृत्त झाले आहेत. आंतरराष्ट्रीय अभिलेख परिषदेच्या 'आयसॅड-जी' या नमुन्यात २६ रकाने आहेत, पण त्यांतले सहाच अत्यावश्यक आहेत: संदर्भ क्रमांक, शीर्षक, निर्माता, काळ, आकारमान आणि वर्णनाची पातळी. एवढे सहा तरी सर्वांनी भरावेत.

विरोधी मत

आपली तळमळ समजते, पण मार्ग पटत नाही. काळाचाच रकाना घ्या. 'इहिदे खमसैन मया व अलफ' म्हणजे सुहूर सन ११५१; सुहूर ही मराठी दफ्तरांतली अरबी अंकशब्दांची कालगणना. हे वर्ष मृग नक्षत्राला, म्हणजे मे-जूनच्या सुमारास बदलते, म्हणून ते इ. स. १७५० आणि १७५१ या दोन्ही वर्षांत पडते. घाईने रकाना भरणारा १७५० लिहून मोकळा होतो आणि १७५१च्या फेब्रुवारीतले पत्र वर्षभर मागे जाते; त्यावर विसंबून कोणी मोहिमेचा क्रम लावला, तर तोही चुकतो. शिवाय रोजकीर्द (रोजच्या नोंदी), घडणी (त्यांवरून लावलेले खातेवार हिशेब), चिटणीसी (चिटणिसाकडचे कागद) ही पेशवे दफ्तराची स्वतःची विभागणी आहे, ती 'हिशेब' आणि 'पत्रव्यवहार' अशा परक्या खणांत कोंबू नये. मोडी वाचणारे आधीच मोजके. त्यांना रकाने भरायला बसवू नका.

मूळ लेखकाचे उत्तर

तारखेबद्दलचा आपला आक्षेप रास्त आहे. मात्र दोष नमुन्याचा नसून तो भरणाऱ्याचा आहे. सूची संगणकावर मांडण्याच्या 'ईएडी' पद्धतीत कागदावरचा सन जसाच्या तसा ठेवून शेजारी १७५० ते १७५१ असा कालखंड देता येतो. मूळ मांडणी नोंदवायलाही आयसॅड-जीत स्वतंत्र रकाना आहे, त्यामुळे घडणी ही घडणीच राहील. आणि वर्णन वरून खाली जाते: आधी दफ्तर, मग विभाग, मग रुमाल. सुटा कागद वाचल्याशिवाय सूचीच होत नाही, असे मुळीच नाही.

विरोधी मत, पुन्हा

विभागांची जुनी नावे राहणार असतील आणि रुमालाची नोंद मोडी जाणणाऱ्याच्या नजरेखालून जाणार असेल, तर माझा अर्धा विरोध मी मागे घेतो. उरलेला अर्धा क्रमाविषयी आहे. कसर लागलेल्या कागदांची छायाचित्रे आधी घ्यावीत, सूची मागून करावी.

मूळ लेखक

छायाचित्रे आधी घ्या, माझी हरकत नाही. फक्त प्रत्येक चित्राच्या नावात दफ्तर, विभाग आणि रुमाल क्रमांक त्याच दिवशी घाला; रुमाल पुन्हा बांधल्यावर कोणते चित्र कशातले, हे ओळखता येत नाही.