समुद्रतळाचे गोटे: टनाला ९०० डॉलर निघतात, मग कोणी काढत का नाही?

पत्रकवेडा

क्लॅरियन-क्लिपर्टन पट्ट्यातल्या (हवाई आणि मेक्सिको यांच्यामधला पॅसिफिक, खोली ४,००० ते ५,५०० मीटर) मँगनीज नोड्यूलचा, म्हणजे तळावर पडलेल्या धातूयुक्त गोट्यांचा, हिशोब मांडतोय. प्रत धरली आहे निकेल १.४ टक्के, तांबं १.१, कोबाल्ट ०.१४, मँगनीज ३१. भाव हिशोबापुरते गोल, डॉलर प्रति टन: निकेल १५,०००, तांबं ९,५००, कोबाल्ट ३३,०००, मँगनीज धातू १,८००.

एक टन गोट्यांचे असे होतात:
निकेल १४ किलो – २१०
तांबं ११ किलो – १०५
कोबाल्ट १.४ किलो – ४६
मँगनीज ३१० किलो – ५५८
एकूण ९१९ डॉलर.

काढणं, वाहतूक आणि भट्टी मिळून २५० खर्च धरला तरी साडेसहाशे हातात राहतात. इतकं सोपं असतं तर एव्हाना तिथे जहाजांची रांग लागली असती, म्हणजे हिशोबातच खोट आहे. कुठे आहे ते सांगा. शिवाय वर्षाला ३० लाख टन उचलणारं एक जहाज उतरलं तर निकेलचा भाव पडेल का?

भट्टीवाला

सुरुवात पाण्यापासून करा. जहाजावर मोजला जातो तो ओला टन आणि प्रतीचे टक्के असतात वाळवलेल्या नमुन्याचे. गोटा हातात दगड वाटतो, पण आतून सच्छिद्र असतो. ओल्या टनात २८ टक्के पाणी सहज निघतं. म्हणजे तुमचा टन मुळात ७२० किलोचा आहे. निकेल १४ नव्हे, १०.१ किलो, तांबं ७.९, कोबाल्ट जेमतेम १, मँगनीज २२३.

खरी मोठी खोट मँगनीजच्या ओळीत आहे. ५५८ डॉलर तुम्ही धातूच्या भावाने लावलेत, पण या प्रक्रियेत मँगनीजचा धातू होतच नाही. सल्फाइड (गंधकयुक्त) खनिज दळून फेसावर तरंगवता येतं आणि नको तो दगड आधीच बाजूला काढता येतो. नोड्यूलमध्ये निकेल-तांबं मँगनीज आणि लोहाच्या ऑक्साइडांच्या जाळीतच बसलेलं असतं, वेगळा कण नसतो. त्यामुळे अख्खा माल भट्टीत घालावा लागतो. आधी फिरत्या भट्टीत वाळवून भाजायचा, मग विजेच्या भट्टीत १,४०० अंशांच्या वर वितळवायचा. लॅटेराइटपासून (जमिनीवरचं निकेलचं ऑक्साइड खनिज) फेरोनिकेल, म्हणजे लोह-निकेल मिश्रधातू, करणाऱ्या कारखान्यांची जोडी तीच. जपानमध्ये हाचिनोहेच्या अशाच कारखान्यात नोड्यूल भाजून-वितळवून पाहिलेही आहेत.

भट्टीत कोळसा इतकाच द्यायचा की निकेल, तांबं, कोबाल्ट आणि थोडं लोह धातूरूपात खाली उतरावं आणि मँगनीज ऑक्साइड म्हणून स्लॅगमध्ये (वर तरंगणाऱ्या वितळलेल्या मळीत) राहावं. हा तोल नाजूक आहे. कोळसा कमी पडला की पहिला बळी कोबाल्टचा, तो स्लॅगमध्येच अडकतो. जास्त झाला की आधी लोह आणि मागोमाग मँगनीज मिश्रधातूत उतरतं, आणि पुढे कन्व्हर्टरमध्ये (मिश्रधातू शुद्ध करायच्या भट्टीत) तेच पुन्हा जाळून काढायला वेळ आणि पैसा जातो. निकेल दोन्ही बाजूंनी बऱ्यापैकी सुरक्षित असतं, म्हणून फक्त निकेलची वसुली बघून भट्टी चालवणारे कोबाल्ट गमावतात. बरं एक आहे: फॉस्फरस बहुतेक मिश्रधातूसोबत खाली जातो, म्हणून स्लॅग त्या बाबतीत स्वच्छ मिळते आणि सिलिकोमँगनीज (पोलादात घालायचा मिश्रधातू) करणाऱ्यांना ती चालते.

म्हणून मँगनीजला खनिजाचा भाव लावा. तो टन-एककाने ठरतो, म्हणजे कोरड्या टनातला एक टक्का, १० किलो मँगनीज. साडेचार डॉलर एकक धरलं तर २२ एककांचे ९९ डॉलर. ५५८ कुठे आणि ९९ कुठे!

आता बाकीचे. वसुली निकेल ९५, तांबं ८६, कोबाल्ट ७७ टक्के धरा. तुमच्या हाती शुद्ध धातू येत नाही, मॅट येते (धातूंचं अर्धवट शुद्ध सल्फाइड), आणि शुद्धीकरणवाला त्याचा पूर्ण भाव देत नाही. निकेल-तांब्याला ८० आणि कोबाल्टला ७० टक्के मिळाले असं समजा:
निकेल ९.६ किलो – ११५
तांबं ६.८ किलो – ५२
कोबाल्ट ०.७८ किलो – १८
मँगनीज स्लॅग – ९९
एकूण २८४.

तुमचा २५० खर्च खरा मानला तर उरतात ३४. त्यातून वाहतुकीतला खोळंबा, व्याज आणि रॉयल्टी भागवायची. निकेल १५ वरून २० हजारांवर गेलं तर टनामागे ३८ डॉलर वाढतात. मँगनीजचं एकक साडेचारवरून तीनवर आलं तर ३३ जातात. थोडक्यात, निकेलच्या तेजीचा फायदा मँगनीजची मंदी खाऊन टाकू शकते. लोक याला निकेलची खाण म्हणतात, मी मँगनीजची म्हणेन.

मिठाचाही एक खर्च धरा. २८० किलो समुद्राचं पाणी म्हणजे साधारण १० किलो मीठ प्रत्येक ओल्या टनामागे. भाजताना त्यातला क्लोरीन वायूंबरोबर निघतो आणि धुराड्याचे पत्रे, फिल्टरच्या पिशव्यांचे सांगाडे खातो. गोड्या पाण्याने धुतलं तर वरचं मीठ जातं, छिद्रांतलं बरंचसं राहतं.

खोलपाणी

भट्टीचं झालं, आता माल वर आणण्याचं. तळावर चौरस मीटरला १५ किलो ओले गोटे आणि यंत्राने त्यातले ८० टक्के उचलले, म्हणजे १२ किलो. ३० लाख टनांसाठी वर्षाला २५० चौरस किलोमीटर तळ फिरावा लागतो. १५ मीटर रुंदीचं यंत्र सेकंदाला अर्धा मीटर चाललं तर ताशी ३२४ टन. वर्षाचे ८,७६० तास एकदाही न थांबता चाललं तरी २८ लाख टनांच्या पुढे जात नाही. वळणं, वादळं, दुरुस्त्या धरून ७० टक्के वेळ मिळाला तर एका यंत्राचे २० लाखही होत नाहीत. त्यामुळे एक जहाज आणि एक यंत्र हे समीकरण सोडून द्या.

बरेच बेत गडगडतात ते पाइपात. ५ सेंमीचा गोटा स्थिर पाण्यात सेकंदाला सुमारे १.२ मीटर वेगाने बुडतो. पाइपातलं पाणी ३.७ मीटरने वर चढत असेल तर गोटा प्रत्यक्षात अडीच मीटरने चढतो, म्हणजे ४,३०० मीटर यायला जवळजवळ अर्धा तास. ताशी ३२४ टनांच्या हिशोबाने कुठल्याही क्षणी पाइपात दीडशे टन गोटे लटकलेले असतात. आता वरचा कॉम्प्रेसर किंवा पंप बंद पडला असं समजा. तासाभरात सगळे खाली येऊन बसतात आणि ३९ सेंमी व्यासाच्या पाइपात हजार मीटरपेक्षा लांब बूच तयार होतं. ते पुन्हा पाण्याच्या दाबाने हलत नाही. म्हणून पाइपाच्या तळाशी वीज गेली की आपोआप उघडणारी झडप लागते, माल तळावर सोडून द्यायला. ही झडप ४०० बारच्या वर दाबात, गाळात, महिनोन्महिने न वापरता राहून नेमक्या वेळी उघडली पाहिजे. खर्चाच्या तक्त्यात ती एक ओळ असते. पण जोखमीत तिचं वजन सगळ्यात जास्त.

गोटे एकमेकांवर आणि पाइपावर आपटून झिजतात ते वेगळंच. जो भुगा होतो तो गाळण्यांतून निसटून परतीच्या पाण्याबरोबर समुद्रात जातो. तो माल तुम्ही तळावरून उचललाय, वर आणण्याची ऊर्जा दिली आहे, पण विकलेला नाही. वसुलीच्या टक्क्यांत हा तोटा भट्टीच्या आधीच धरा. शिवाय ते पाणी कुठल्या खोलीवर सोडायचं यावरूनच पर्यावरणाचे निम्मे वाद आहेत. मध्यावर सोडलं तर गाळाचा लोट लांबवर पसरतो.

आणि तळाचं भरून येणं विसरा. १९७९ साली या पट्ट्यात केलेल्या चाचणीच्या यंत्राच्या खुणा चार दशकांनी पाहिल्या तेव्हाही स्पष्ट होत्या. गोटा वाढतो दहा लाख वर्षांत काही मिलिमीटर, त्यामुळे गोट्यांवर चिकटून राहणाऱ्या जिवांना तिथे परत जागा मिळण्याचा प्रश्नच नाही.

२०२१ मध्ये बेल्जियन कंपनीचं पातानिया-२ हे यंत्र चाचणीत साडेचार हजार मीटरवर दोरापासून सुटून तळावर राहिलं होतं. पुन्हा पकडलं, पण त्यावरून दोराची आणि जोडाची किंमत कळते. २०२२ मध्ये हिडन जेम जहाजाने ३,००० टनांवर गोटे पाइपातून वर आणले, म्हणजे यंत्रणा चालते हे सिद्ध झालं. वर्षभर चालते हे अजून व्हायचंय.

पत्रकवेडा

भुग्याची ओळ आताच घातली. पण मॅटच्या निकेलला ८० टक्के का? एलएमईचा (लंडन मेटल एक्स्चेंजचा) भाव का नाही मिळत?

लॉट_सहा

कारण एलएमईवर जो माल उतरतो तो ९९.८ टक्के शुद्ध निकेल असतो, ६ टनांच्या लॉटमध्ये: कॅथोड, पेलेट, ब्रिकेट. याला वर्ग एक म्हणतात. निकेल पिग आयर्न (निकेलमिश्रित कच्चं लोखंड), फेरोनिकेल, मिश्र हायड्रॉक्साइड (निकेल-कोबाल्टचा अर्धवट शुद्ध माल) आणि मॅट त्या गोदामात उतरवता येत नाहीत. त्यांचा भाव एलएमईच्या टक्क्यांत ठरतो आणि तो टक्का बाजार हलला की हलतो. मॅट विकणाऱ्याला दोन जोखमी असतात, भाव आणि टक्का; वायदा विकून पहिलीच झाकता येते.

हा फरक कागदी नाही. मार्च २०२२ मध्ये एका मोठ्या चिनी उत्पादकाकडे वायद्यात मोठी विक्री होती आणि हातात माल होता तो बहुतेक वर्ग दोनचा, म्हणजे उतरवण्याजोगा नव्हे. ८ मार्चला भाव टनाला १ लाख डॉलरच्या वर गेला, एक्स्चेंजने त्या दिवसाचे सौदे रद्द केले आणि व्यवहार १६ मार्चपर्यंत बंद ठेवले. निकेल असणं वेगळं, उतरवता येणारं निकेल असणं वेगळं.

तुमच्या भावपडीच्या प्रश्नाचं उत्तर आकड्यांतच आहे. ३० लाख ओले टन म्हणजे २१.६ लाख कोरडे. त्यात निकेल सुमारे ३०,००० टन; जगात खाणींतून वर्षाला निघतं ३५ लाख टनांच्या वर. एक टक्काही नाही. मँगनीज मात्र ६.७ लाख टन, जागतिक २ कोटींच्या आसपास धरलं तर तीन टक्क्यांवर. अशी दहा जहाजं उतरली तर निकेलचा पुरवठा ८ टक्क्यांनी वाढेल, मँगनीजचा मात्र तेहतीस. आधी मोडेल तो मँगनीजचा भाव, म्हणजे भट्टीवाल्यांच्या हिशोबातली ९९ डॉलरची ओळ.

उलट दिशेने बघा. निकेलचा भाव ठरवतं इंडोनेशिया. जानेवारी २०२० पासून कच्च्या खनिजाची निर्यात बंद, सगळं तिथेच भट्टीत. आता खाणीतलं निम्म्याहून जास्त निकेल त्या एका देशाचं. कमी निकेलच्या लिमोनाइट खनिजासाठी दाबाखाली आम्लाने विरघळवण्याची पद्धत, २५० अंश आणि ४० बारच्या वर, आणि त्यातून बॅटरीलायक हायड्रॉक्साइड. वर चिनी बॅटऱ्यांत लिथियम-आयर्न-फॉस्फेट वाढलं, त्यात निकेलही नाही, कोबाल्टही नाही. मागणीचा मोठा आधार अजूनही स्टेनलेस स्टील आहे, दोन तृतीयांशाच्या आसपास, आणि स्टेनलेसवाल्याला स्वस्त पिग आयर्न पुरतं. निकेल महागेल या आशेवर गोटे काढायचे तर आधी इंडोनेशियाच्या खर्चाखाली यावं लागेल.

तळटीप

कर्ज देणाऱ्याचा पहिला प्रश्न अजून राहिला: माल कायद्याने कोणाचा? १९८२ च्या समुद्र कायदा करारानुसार राष्ट्रीय हद्दीबाहेरचा तळ किंग्स्टनच्या आंतरराष्ट्रीय समुद्रतळ प्राधिकरणाकडे आहे. शोधाचे परवाने त्यांनी दिलेत, पण उत्खननाचे नियम जुलै २०२५ च्या बैठकांनंतरही मंजूर नव्हते. नाउरूने जून २०२१ मध्ये नियम करायला दोन वर्षांची मुदत लावणारं कलम वापरलं, मुदत सरली, नियम आले नाहीत. अमेरिका त्या कराराची सदस्य नाही. एप्रिल २०२५ च्या अध्यक्षीय आदेशानंतर तिथल्या समुद्रतळ खाणकामाच्या १९८० च्या कायद्याखाली अर्ज झाले. म्हणजे एकाच गोट्यावर दोन दावे निघू शकतात. पुढे कराराच्या सदस्य देशातल्या बंदरात तो माल उतरवला, तिथल्या भट्टीला विकला किंवा विमा काढायला गेलात तर खरेदीदाराचा वकील हेच विचारणार. टक्का ८० चा ७० होण्याचं तेही एक कारण असू शकतं.

पत्रकवेडा

तक्ता पुन्हा मांडला. भुगा ५ टक्के आणि निकेल-तांब्याचा टक्का ७० धरला तर २५० डॉलरच्या आसपास येतं, म्हणजे खर्चाइतकंच.

भट्टीवाला

कोबाल्टचा टक्काही खाली आणा, मग २५० सुद्धा राहत नाहीत. आणि ओलाव्याचा रकाना सूत्रात २८ असा गाडून ठेवू नका, वेगळा ठेवा. जहाजावर नमुना घेतला, मग माल दोन महिने ढिगात राहिला की ओलावा बदलतो, आणि करार ओल्या टनावर की कोरड्या टनावर यावरून प्रत्येक खेपेला भांडण होतं. वजन आणि ओलाव्याचा नमुना एकाच वेळी, भट्टीच्या दारात घ्यायचा.