टोकन मरते, की नुसतेच नाहीसे होते?

बी-३०२: सर्वांना नमस्कार. आपल्या इमारतीतील मुलांचा मॅजिक: द गॅदरिंग या कार्डांच्या खेळाचा एक डाव निकालाविना अडला आहे आणि दोन्ही बाजू आपापल्या म्हणण्यावर ठाम आहेत, म्हणून प्रश्न येथे मांडतो. एकाकडे ब्लड आर्टिस्ट हे क्रीचर, म्हणजे लढणाऱ्या पात्राचे कार्ड, आणि सहा सोल्जर टोकन, म्हणजे कार्डाविना खेळात तयार झालेली क्रीचर, होती. समोरच्याकडे एकही क्रीचर नव्हते आणि त्याची सात लाइफ उरली होती. त्याने राथ ऑफ गॉड हे कार्ड खेळून सगळी क्रीचर नष्ट केली. ब्लड आर्टिस्टवर असे लिहिले आहे की तो स्वतः किंवा दुसरे कोणतेही क्रीचर मेले, की निवडलेल्या खेळाडूची एक लाइफ जाते आणि ब्लड आर्टिस्ट खेळणाऱ्याला एक मिळते. पहिला मुलगा म्हणतो की सात मृत्यू झाले, त्यामुळे डाव माझा. दुसऱ्याचे म्हणणे असे की टोकन हे कार्डच नव्हे, ते ग्रेव्हयार्डमध्ये (मेलेल्या कार्डांच्या गठ्ठ्यात) जात नाही, त्यामुळे मेला तो एकटा ब्लड आर्टिस्ट आणि माझी सहा लाइफ शिल्लक आहे. ए-१०४ मधील काका हा खेळ बरीच वर्षे खेळत आहेत, तेव्हा काका, आपणच निवाडा करावा.

ए-१०४: डाव पहिल्या मुलाचा आहे. दुसऱ्याचे अर्धे म्हणणे बरोबर आहे, कारण टोकन हे कार्ड नाही. पण ते ग्रेव्हयार्डमध्ये जात नाही, हे त्याने पुढे जोडले ते चुकीचे आहे. नियम ७००.४ प्रमाणे बॅटलफिल्डवरून, म्हणजे खेळाच्या पटावरून, ग्रेव्हयार्डमध्ये जाणे म्हणजेच मरणे, आणि या व्याख्येत कार्ड व टोकन असा भेद केलेला नाही. जुन्या कार्डांवर हेच वाक्य लांबलचक छापलेले असे. २०११ च्या उन्हाळ्यात आलेल्या कोअर सेटपासून त्याऐवजी ‘मरते’ असा एकच शब्द छापला जाऊ लागला. टोकन बॅटलफिल्डखेरीज दुसऱ्या कोणत्याही ठिकाणी असेल तर ते अस्तित्वातून जाते, हे नियम १११.७ सांगतो खरे. परंतु त्याच नियमात अशीही नोंद आहे की टोकनाने जागा बदलल्यावर जे ट्रिगर (ठरलेली घटना घडताच आपोआप सुरू होणारे परिणाम) लागू होतात, ते टोकन नाहीसे होण्याआधीच होऊन जातात. हजेरीपटावर सही करून त्याच पावली परतलेल्या माणसाची हजेरी जशी लागलेलीच असते, तसेच हे आहे.

राथ ऑफ गॉडच्या वेळी नेमके काय घडले ते क्रमाने पाहू. सातही क्रीचर एकाच क्षणी ग्रेव्हयार्डमध्ये गेली आणि त्याच क्षणी ब्लड आर्टिस्टचा ट्रिगर सात वेळा झाला. त्यानंतर कोणत्याही खेळाडूला काही करण्याची संधी मिळण्यापूर्वी खेळ स्वतःची तपासणी करतो. या तपासणीत सहा टोकन ग्रेव्हयार्डमध्ये आढळली आणि ती नाहीशी झाली. मग ते सात ट्रिगर स्टॅकवर, म्हणजे परिणाम अमलात येण्याच्या रांगेत, आले. म्हणजे परिणाम स्टॅकवर येईपर्यंत ज्यांच्या मृत्यूमुळे तो झाला ती टोकन जगात उरलेलीही नव्हती, आणि त्याने काहीही बिघडत नाही.

सी-२०१: काका, एक शंका आहे. ब्लड आर्टिस्टसुद्धा त्याच क्षणी मेला. मग बाकीच्या सहा जणांचा मृत्यू त्याने पाहिला कसा? माझी मुलगी म्हणते की निदान हा मुद्दा तरी दुसऱ्या मुलाच्या बाजूने जायला हवा.

ए-१०४: ताई, शंका चांगली आहे, पण उत्तर तिच्या अपेक्षेच्या उलट आहे. बॅटलफिल्ड सोडण्याशी संबंधित ट्रिगर मागे वळून पाहतात, असे नियम ६०३.१० सांगतो. घटनेच्या अगदी आधी पट कसा होता ते पाहून कोणते ट्रिगर झाले हे ठरते, आणि त्या वेळी ब्लड आर्टिस्ट व सहाही टोकन समोरासमोर उभी होती. म्हणून सोबत मरणाऱ्या प्रत्येकाची त्याने नोंद घेतली, स्वतःचीही.

हा गोंधळ वारंवार का होतो, त्याचे माझ्या मते कारण टेबलावरच्या सवयीत आहे. कार्ड मेले की आपण ते उचलून ग्रेव्हयार्डच्या गठ्ठ्यावर ठेवतो. टोकनासाठी मात्र बहुतेक जण फासा किंवा नाणे वापरतात आणि ते थेट टेबलाबाहेर काढून ठेवतात. हात ग्रेव्हयार्डपर्यंत जातच नाही, त्यामुळे डोक्यातही ती पायरी गळते. मी शिकवताना मुलांना नाणेसुद्धा आधी गठ्ठ्यावर टेकवायला लावतो आणि मगच बाजूला काढायला सांगतो.

डी-५०५: मग माझ्या ग्रिम हॅरुस्पेक्सवर टोकन मेल्यावर कार्ड ओढता येत नाही असे परवा मला का सांगितले गेले? तेही चुकीचे होते का?

ए-१०४: नाही, ते बरोबरच होते. ग्रिम हॅरुस्पेक्सवर ‘टोकन नसलेले दुसरे क्रीचर’ मेल्यावर कार्ड ओढा असे स्पष्ट लिहिले आहे, आणि मिडनाइट रीपरवरही अशीच अट आहे. इथे टोकन मेले नाही असे कोणी म्हणत नाही. ते मेले, पण या कार्डाने ते मोजायचे नाही असे ठरवले आहे. उलट झुलापोर्ट कटथ्रोट किंवा ग्रेव्ह पॅक्ट यांच्यावर ती अट नाही, म्हणून तिथे टोकन पूर्ण मोजले जाते. कार्डावर ‘क्रीचर’ लिहिले आहे, ‘टोकन नसलेले क्रीचर’ लिहिले आहे, की ‘कार्ड’ लिहिले आहे, एवढे पाहिले तरी बहुतेक वाद जागच्या जागी मिटतात. २०११ च्या इनिस्ट्राड सेटमधील मॉर्बिड ही क्षमता ‘या पाळीत एखादे क्रीचर मेले असेल तर’ असे विचारते, तिथे टोकनाचा मृत्यू चालतो. २०२३ मधील डिसेंड ही क्षमता मात्र ग्रेव्हयार्डमध्ये गेलेले कार्ड मागते, तिथे टोकन चालत नाही.

अशा अटी घालणे मला रास्त वाटते. टोकन फार स्वस्तात आणि मोठ्या संख्येने तयार होतात, आणि प्रत्येकाच्या मृत्यूवर कार्ड मिळू लागले तर काय होते ते स्कलक्लॅम्प या क्रीचरला लावायच्या कार्डाने दाखवून दिले आहे. ते लावलेल्या क्रीचरची ताकद एकने वाढते, टफनेस (मार सोसण्याची क्षमता) एकने घटते, आणि ते क्रीचर मेले की दोन कार्डे मिळतात. एक टफनेसच्या टोकनाला ते लावले की टफनेस शून्यावर येते आणि टोकन तत्काळ मरते. एका मानात (‘माना’ म्हणजे खेळीसाठी खर्चायची ऊर्जा) दोन कार्डे, आणि टोकन आहेत तोवर पुन्हा पुन्हा. २००४ मध्ये डार्कस्टीलमधून आलेले हे कार्ड त्याच वर्षीच्या जूनमध्ये स्टँडर्ड या स्पर्धाप्रकारातून बाद करावे लागले.

सी-२०१: आणखी एक विचारते. मुलीने किचन फिंक्सची टोकन प्रत बनवली होती. पर्सिस्ट या क्षमतेमुळे ते मेल्यावर परत येते, असे कार्डावर आहे. मग टोकन का परत येत नाही?

ए-१०४: ताई, पर्सिस्टचा ट्रिगर टोकनासाठीसुद्धा होतो, परंतु परत आणायला ग्रेव्हयार्डमध्ये काही शिल्लकच नसते. शिवाय बॅटलफिल्ड सोडलेले टोकन पुन्हा तिथे येऊ शकत नाही, असा नियम १११.८ वेगळा आहेच. ट्रिगर झाला आणि फळले काही नाही, इतकेच.

बी-३०२: काका, दुसऱ्या मुलाने आता नवा मुद्दा काढला आहे. तो म्हणतो की माझ्याकडे लेलाइन ऑफ द व्हॉइड हे कार्ड असते तर सगळी क्रीचर एक्झाइल झाली असती, म्हणजे ग्रेव्हयार्डऐवजी खेळाबाहेर गेली असती, आणि कोणीच मेले नसते.

ए-१०४: हे उदाहरण त्याने काढले याचा मला आनंद झाला, कारण या विषयातील सर्वांत गमतीची गाठ इथेच आहे. लेलाइन ऑफ द व्हॉइडवर ‘एखादे कार्ड प्रतिस्पर्ध्याच्या ग्रेव्हयार्डमध्ये जाणार असेल तर त्याऐवजी एक्झाइल करा’ असे आहे. टोकन हे कार्ड नाही, हा त्याचाच मुद्दा, त्यामुळे लेलाइन टोकनांना अडवत नाही. ब्लड आर्टिस्ट स्वतः एक्झाइल झाला असता, म्हणजे मेला नसता. सहा टोकन मात्र रीतसर मेली असती आणि ट्रिगर सहा वेळा झाला असता. त्याची एक लाइफ वाचली असती आणि तो तरला असता, पण त्याने सांगितलेल्या कारणाने नव्हे. रेस्ट इन पीसवर ‘कार्ड किंवा टोकन’ असे दोन्ही लिहिलेले आहे; ते पटावर असते तर कोणीच मेले नसते आणि ब्लड आर्टिस्ट गप्प राहिला असता.

डी-५०५: आम्ही यु-गि-ओ हा कार्डांचा दुसरा खेळही खेळतो. तिथेही हेच नियम लावायचे ना?

ए-१०४: अजिबात नाही, आणि कृपया दोन्ही खेळांची सरमिसळ करू नका. यु-गि-ओमध्ये टोकन फील्ड सोडताच नाहीसे होते. ते ग्रेव्हयार्डमध्ये क्षणभरही जात नाही. स्केपगोटने आलेल्या चार मेंढ्यांपैकी एखादी लढाईत नष्ट होऊ शकते, त्यामुळे केवळ ‘लढाईत नष्ट केले’ एवढीच अट असलेले परिणाम चालतात. पण एलिमेंटल हिरो फ्लेम विंगमनसारख्या कार्डाला मॉन्स्टर नष्ट होऊन ग्रेव्हयार्डमध्ये गेलेला लागतो, म्हणून टोकन मारल्यावर त्याचे नुकसान लागू होत नाही. दुसऱ्या मुलाचे म्हणणे या खेळात बरोबर ठरले असते, आणि तो बहुधा तिथूनच आला असावा.

बी-३०२: अगदी बरोबर ओळखलेत काका, तो आधी यु-गि-ओच खेळत असे. निकाल त्याने मान्य केला आहे. मात्र जिंकलेला मुलगा आता विचारतो की त्याचे टोकन समोरच्याने ताब्यात घेऊन सॅक्रिफाइस केले, म्हणजे स्वतःहून बळी दिले, तर तो मृत्यू कोणाच्या खात्यात धरायचा?

ए-१०४: टोकनाचा मालक ते बनवणाराच राहतो, त्यामुळे ते त्याच्याच ग्रेव्हयार्डमध्ये जाते, पण मरतेवेळी ताबा समोरच्याचा होता. झुलापोर्ट कटथ्रोट फक्त स्वतःच्या ताब्यातील क्रीचर मोजतो, म्हणून मालकाकडचा कटथ्रोट चालणार नाही आणि ताबा घेणाऱ्याकडे तो असेल तर चालेल. ब्लड आर्टिस्टला ताब्याशी देणेघेणे नाही; तो कोणाकडेही असला तरी चालेल, आणि दोघांकडेही असला तर दोघांचाही चालेल.