९ वर्षं काम केलं, ५ महिन्यांचा पगार आणि पीएफ अडकलाय, कोर्टात जावं का?

बेळगावच्या उद्यमबागेतल्या एका फाउंड्रीत होतो, मालकानं गेल्या वर्षी शटर पाडलं, पगार आज देतो उद्या देतो चाललंय आणि आता फोन पण उचलत नाही. पासबुक काढून बघितलं तर शेवटचे १४ महिने पीएफ भरलेलाच नाही, स्लिपवर मात्र कापलेला दिसतोय. वकील आधीच पैसे मागतोय ओ, काय करू?

खानापूरकर: थांबा, सगळ्याला एकच कोर्ट नसतंय. पीएफसाठी पीएफ ऑफिसात तक्रार द्या, यूएएन (तुमचा पीएफचा नंबर) आणि पगाराच्या स्लिपा जोडून, ते चौकशी लावून मालकाकडनं वसूल करतात. आणि पगारातनं कापून भरला नाही तर तो फौजदारी गुन्हा आहे, हे मालकाला एकदा ऐकवा की, माझ्या मेव्हण्याला तर तेवढ्यावरच त्याच्या मालकाचा फोन आला होता!

जुना_कामगार: ग्रॅच्युइटी विसरलासा काय? ५ वर्षं झाली की हक्क लागतो, वर्षाला १५ दिवसांचा पगार, म्हणजे महिन्याचा पगार गुणिले १५, भागिले २६. महिन्याचं बेसिक आणि डीए (महागाई भत्ता) मिळून १३,००० धरलं तर वर्षाचे ७,५००, तुमचे ९ वर्षांचे ६७,५००. नोकरी सुटल्यावर ३० दिवसांत द्यायला पाहिजे, नाहीतर व्याज. त्याचा अर्ज लेबर ऑफिसात.

खानापूरकर: पगाराचं पण तिथंच आधी विचारा. कागद कन्नडात मिळाला तर समजून घेतल्याशिवाय सही करू नका, एकानं "सगळं मिळालं" वरच सही ठोकली होती.

मूळ प्रश्नकर्ता: स्लिपा ट्रंकेत हायत, सोमवारी जातो.