मदत हवी आहे : आगरातली ही चिमुकली शाई-अळंबी कोणत्या प्रजातीत धरायची?

नमस्कार मंडळी,

गुहागरजवळ आमचं नारळी-पोफळीचं आगर आहे. श्रावणात रात्रभर सरी पडून गेल्या की सकाळी पाटाकडेच्या गवतात एक बारीकशी छत्री हमखास उभी असते. वाडीतल्या मुलांना घेऊन पावसाळी अळंब्यांची नोंदवही करतेय, त्यात हिचं नाव बरोबर लागायला हवं. ‘कुत्र्याची छत्री’ लिहून भागत नाही, त्या नावाखाली आमच्याकडे निम्मं रान येतं.

वर्णन देते. उमलण्याआधी टोपी लांबट, पिवळसर तपकिरी. उघडली की सपाट आणि राखाडी, मधोमध तेवढा तपकिरी ठिपका उरतो. रुंदी दोनेक सेंटिमीटर. ठिपक्यापासून कडेपर्यंत सरळ चुण्या, घडीची छत्री उघडावी तशा. टोपी इतकी पातळ की उजेडाला धरली तर पलीकडचं बोट दिसतं. देठ पांढरा, पोकळ, धरताच मोडणारा. त्यावर कडं नाही. टोपीवर पूड नाही की तूस नाही. खालच्या गिल्स, म्हणजे टोपीखालच्या पातळ पात्या, राखाडी होत होत काळ्या पडतात, पण देठाला टेकत नाहीत. देठाभोवती बारीक गळपट्टी दिसते, गिल्स तिलाच येऊन मिळतात. पांढऱ्या कागदावर टोपी ठेवून वर वाटी झाकली तर काळा ठसा उमटला.

माझा अंदाज पॅरासोला प्लिकॅटिलिस. अडचण अशी, की जुन्या पुस्तकात ही कोप्रायनस या प्रजातीत (जीनसमध्ये) आहे. शिवाय शाई-अळंबी म्हणजे पिकल्यावर जिची टोपी विरघळून काळी शाई होते ती; हिची शाई होतच नाही, दुपारपर्यंत सुकून मान टाकते. मग ही शाई-अळंबी कशी? आणि माडाच्या कुजक्या खोडावर अशाच रेघांच्या शेकडो छत्र्या येतात, त्या हिच्याच का?

प्रतिसाद १

ताई, खोडावरची वेगळी. ती कोप्रिनेलस डिसेमिनेटस. टोपी जेमतेम सेंटिमीटरभर, घुमटासारखी, आणि कोवळेपणी भिंगातून पाहिलीत तर अंगावर बारीक केस दिसतील. गंमत म्हणजे तिचीही शाई होत नाही. तेव्हा शाई होते की नाही, यावरून प्रजाती ठरवू नका.

नावांचा घोळ 2001 सालचा. तोवर शाई-अळंब्या सरसकट कोप्रायनसमध्ये होत्या. रेडहेड, विल्गॅलिस आणि सहकाऱ्यांनी डीएनएच्या आधारे मांडणी केली तेव्हा उघड झालं, की कोप्रायनसची मूळ नमुना-जाती, म्हणजे जिच्याशी प्रजातीचं नाव बांधलेलं असतं ती, उंच, खवल्याखवल्यांची कोप्रायनस कोमॅटस ही बाजारातल्या बटण अळंबीच्या कुलातली, अ‍ॅगॅरिकेसीतली. बाकीच्या बहुतेक सॅथिरेलेसी कुलातल्या. मूळ नाव कोमॅटसकडे राहिलं. उरलेल्यांची वाटणी कोप्रिनेलस, कोप्रिनॉप्सिस आणि पॅरासोला यांत झाली. तुमचं पुस्तक त्याआधीचं असणार.

शाई होते ती विकरांमुळे (एन्झाइम्समुळे). टोपीच्या कडेचे बीजाणू आधी पिकून उडतात, मग तो भाग विरघळतो आणि वरच्या बीजाणूंना वाट मोकळी होते. पॅरासोलाच्या टोपीत गरच नसतो, म्हणून ती बहुतेक सुकूनच जाते.

चुण्या, गळपट्टी, पूड नसणं, गवतातली जागा, हे सगळं पॅरासोलाकडेच बोट दाखवतं. पण दहापट भिंगाने टोपी पुन्हा पाहा. ताठ तपकिरी केस दिसले तर ती पॅरासोला ऑरिकोमा. टोपी गुळगुळीत असेल तर प्लिकॅटिलिस आणि तिच्या सख्ख्या बहिणी उरतात. त्या डोळ्यांनी वेगळ्या करता येत नाहीत, बीजाणूंचं माप आणि आकार मायक्रोस्कोपखालीच पाहावा लागतो. तोवर वहीत ‘पॅरासोला, प्लिकॅटिलिस गट’ लिहा. ते खरं आणि पुरेसं आहे.

प्रतिसाद २

मुलं हाताळताहेत म्हणून सांगतो, ‘खायची नाही’ हे वहीत ठळक लिहा. हिच्यात खाण्यासारखं काही नाहीच, पण शाई-अळंब्यांत कोप्रिनॉप्सिस अ‍ॅट्रामेंटारिया आहे. तिच्यातल्या कोप्रिन या रसायनामुळे, ती खाऊन दारू घेतली तर चेहरा लाल होतो, छाती धडधडते, उलट्या होतात.

धागाकर्ती

दोघांचेही मनापासून आभार. भिंगाखाली पाहिलं, केस एकही नाही. आता बीजाणूंचा ठसा काचपट्टीवर घेऊन फॉइलमध्ये गुंडाळून ठेवतेय. दापोली-चिपळूणकडे कुणाला मायक्रोस्कोपखाली पाहून माप घेता येईल का? येणार असेल तर पट्टी मी स्वतः आणून देईन.